स्वातंत्र्याचा पुतळा पायांपासून पाहावा

प्रश्न थोडक्यात असा आहे. एका गटाला स्वातंत्र्याचं प्रतीक म्हणून सार्वजनिक जागी पुतळा उभारायचा आहे. कोणा एका नेत्याचा नाही, स्वातंत्र्याचाच. मशाल धरलेली स्त्री करावी, तुटलेली साखळी दाखवावी की आणखी काही? उंची किती ठेवावी? आणि जगात असे काही पुतळे लोकांचे होऊन जातात, काही नुसतेच उभे राहतात, ते कशामुळे?

तीस वर्षांहून जास्त काळ मी मातीकाम आणि ब्राँझचं ओतकाम करतोय. अशा कामांच्या बैठकांत मी पुष्कळ बसलो आहे. तिथे बोलणं हमखास हातापासून सुरू होतं. हातात काय द्यायचं, हात किती वर उचलायचा, यावर दोन तास जातात. मग उंचीवर वाद होतो. पायांचा विषय निघतच नाही. मला मात्र या सगळ्या वर्षांत एक गोष्ट पक्की पटली आहे: स्वातंत्र्याचा पुतळा काय म्हणतो हे त्याच्या पायांत आणि पायाखालच्या चौथऱ्यात ठरतं. मशाल नंतर येते. म्हणून उत्तरही मी खालून वर जात देतो.

सगळ्यांच्या डोळ्यांसमोर असलेला पुतळा आधी घेऊ. न्यूयॉर्कच्या बंदरातल्या स्वातंत्र्यदेवतेचे पाय कधी नीट पाहिलेत का? तिची उजवी टाच उचललेली आहे. ती उभी नाही, चालते आहे. पायाशी तुटलेली बेडी आणि साखळी पडली आहे. जमिनीवरून पाहणाऱ्याला यातलं जवळजवळ काहीच दिसत नाही, कारण चौथरा उंच आहे आणि झग्याच्या चुण्या पायांवर आल्या आहेत. शिल्पकार ओग्युस्त बार्तोल्दी यांच्या १८७० च्या आसपासच्या एका नमुन्यात ही तुटकी साखळी तिच्या डाव्या हातात होती. पुढे त्या हातात पाटी आली. तिच्यावर ४ जुलै १७७६ ही तारीख रोमन आकड्यांत कोरली आहे. साखळी खाली गेली. पुतळ्याची कल्पना मांडणारे एदुआर द लाबुले गुलामगिरीचे कट्टर विरोधक होते आणि अमेरिकेतलं यादवी युद्ध १८६५ मध्ये संपून गुलामगिरी कायद्याने गेली होती. त्यामुळे साखळी हातात असण्याला एक अर्थ होता, तारीख हातात असण्याला दुसरा आहे. आता लांबून पाहणाऱ्याला दिसतो तो राष्ट्राचा जन्मदिवस. गुलामांच्या बेड्या तुटल्याची गोष्ट शोधायला हेलिकॉप्टर लागतं.

बार्तोल्दींनी हे हयगयीने केलं असं मी म्हणणार नाही. एवढ्या मोठ्या आकृतीत पाय झाकणं भागच असतं. त्यामागचं गणित समजून घ्या, कारण ते तुमच्याही कामाला लागणार आहे. पुतळा दुप्पट उंच केला की त्याचं पृष्ठफळ चौपट होतं. पत्र्याची जाडी तीच ठेवली तरी धातू चौपट लागतो, वाराही चौपट जागेवर आदळतो. आणि वाऱ्याची ती ओढ आता दुप्पट उंचीवरून येत असल्यामुळे घोट्याला मोडू पाहणारा जोर आठपट होतो. माणसाच्या आकृतीत सगळ्यात बारीक जागा घोट्याची आणि सगळा भार तिथूनच जमिनीत उतरतो. उघड्या पायांचा चालता पुतळा म्हणूनच फार मोठा करता येत नाही. झगा असला की त्याच्या घेरातून आतला सांगाडा रुंद होत खाली नेता येतो. अभियंते गुस्ताव आयफेल यांनी तेच केलं. आत लोखंडी मनोरा, त्यावर आडव्या पट्ट्यांची जाळी आणि बाहेर जेमतेम २.४ मिलिमीटर जाडीचा, ठोकून आकार दिलेला तांब्याचा पत्रा. पायांपासून मशालीपर्यंत ४६ मीटर आणि चौथऱ्यासकट सुमारे ९३ मीटर. एवढी उंची हवी असेल तर पाय झाकावेच लागतात आणि पाय झाकले की तिथली गोष्टही झाकली जाते. हा सौदा तुम्हाला मान्य आहे का, हे पहिल्याच बैठकीत ठरवा.

आता याच्या अगदी उलट टोकाला असलेलं शिल्प पाहा. हैतीची राजधानी पोर्तो-प्रॅन्स इथे आल्बेर मांगोनेस यांनी १९६७ मध्ये केलेला अनाम बंडखोर गुलाम आहे. मळ्यातून पळून डोंगरात गेलेल्या गुलामांना तिथे ‘मारों’ म्हणत, त्यांच्यातला हा एक. १ जानेवारी १८०४ ला स्वतंत्र झालेला हा देश गुलामांनी स्वतः लढून मिळवला. पुतळ्याचा एक गुडघा जमिनीला टेकला आहे, डावा पाय मागे लांब ताणला आहे आणि त्या घोट्याभोवती तुटलेली बेडी आहे. उजव्या हातात कोयता आहे, डाव्या हाताने शंख ओठांना लावला आहे आणि मान मागे झुकली आहे. उठावाची हाक शंख फुंकून दिली जायची. आकृती उंच नाही, जमिनीजवळ आहे. समोर उभ्या राहणाऱ्या माणसाला घोटा, बेडी, शंख हे सगळं एका नजरेत मिळतं. मशाल उजेड देते, शंख माणसं गोळा करतो. स्वातंत्र्याची खूण म्हणून हातात काय द्यावं याचं इतकं नेमकं उत्तर मी दुसरीकडे पाहिलेलं नाही. आणि ते उत्तर त्या देशाच्या स्वतःच्या इतिहासातून आलं आहे, कुठल्या नमुन्याच्या वहीतून नाही.

साखळीबद्दल इथेच सविस्तर सांगतो, कारण बहुतेक सगळे साखळी मागतात. एका कामात मला मनगटापासून लोंबणारी तुटकी साखळी करायची होती. मी सहा कड्या मातीत केल्या, शेवटची कडी मधोमध उघडी ठेवली, झालं. ओतकाम करणाऱ्या वयस्कर कारागिरांनी त्यावरून ओतकामासाठी घेतलेला मेणाचा तुकडा हातात फिरवून विचारलं, “ही कडी कुणी तोडली?” मला प्रश्नच कळला नाही. त्यांनी भंगारातून खऱ्या साखळ्यांचे तुकडे आणून समोर टाकले. छिन्नीने कापलेल्या कडीचं तोंड सपाट असतं, कडेला घावाचा ओठ उठलेला असतो. ताण देऊन तोडलेली कडी तुटण्याआधी लांबते, तुटते त्या जागी मानेसारखी बारीक होते आणि तिची दोन्ही टोकं खरबरीत असतात. तिच्या शेजारच्या कड्याही किंचित ओढल्या गेलेल्या असतात. छिन्नीने कापली असेल तर कुणीतरी येऊन सोडवलं. ताणून तुटली असेल तर ज्याच्या हातात होती त्यानेच तोडली. मी त्या सहाही कड्या नव्याने केल्या. त्यानंतर साखळी मागणाऱ्या प्रत्येकाला मी हाच प्रश्न विचारतो आणि दर वेळी खोलीत थोडा वेळ शांतता पसरते. कारण हा प्रश्न कडीचा राहत नाही, स्वातंत्र्य कुणी मिळवलं याचा होतो.

याच प्रश्नावर एक पुतळा दीडशे वर्षं वादात आहे. वॉशिंग्टनमध्ये १८७६ साली उभा राहिलेला टॉमस बॉल यांचा मुक्तिस्मारकाचा शिल्पगट. त्यासाठीचे पैसे गुलामगिरीतून सुटलेल्या लोकांनी दिले. पहिले पाच डॉलर शार्लट स्कॉट या नुकत्याच मुक्त झालेल्या स्त्रीने दिले होते. रचना ठरवणारे मात्र दुसरेच होते. त्या रचनेत अध्यक्ष लिंकन उभे आहेत आणि बेड्या तुटलेला कृष्णवर्णीय माणूस त्यांच्या पायाशी एका गुडघ्यावर आहे. अनावरणाचं मुख्य भाषण करणारे फ्रेडरिक डग्लस स्वतः गुलामीतून पळून आलेले. काही दिवसांतच त्यांनी एका वृत्तपत्राला पत्र लिहिलं की, मरण्यापूर्वी मला असं स्मारक पाहायचं आहे ज्यात हा माणूस गुडघ्यावर नसेल, माणसासारखा स्वतःच्या पायांवर ताठ उभा असेल. बॉस्टनमधली या शिल्पगटाची प्रतिकृती २०२० च्या डिसेंबरमध्ये हलवण्यात आली. लिंकन यांच्याबद्दल आदर असूनही लोकांना ती रचना सोसवेना, कारण उभं कोण आणि खाली कोण हे शिल्पात आधी वाचलं जातं. पैसे देणाऱ्यांना नमुना दाखवून विचारलं असतं तर हे पहिल्याच दिवशी कळलं असतं.

गुडघा टेकलेला हैतीचा माणूसही खालीच आहे, मग तो का खटकत नाही? कारण त्याच्या वर कुणी उभं नाही. त्याचा गुडघा शंख फुंकण्यासाठी टेकला आहे. एकच मुद्रा शेजारी कोण आहे त्यावरून पूर्ण फिरते. बार्बाडोसमधला कार्ल ब्रूडहेगन यांचा १९८५ चा मुक्तिपुतळाही जमल्यास पाहा. लोक त्याला बुसा म्हणतात, १८१६ च्या उठावाचा नेता बुसा याच्यावरून. पाय रोवून उभा, दोन्ही हात वर, दोन्ही मनगटांतून तुटलेल्या साखळ्या लोंबताहेत. डग्लस यांनी मागितलेला माणूस हाच, असं मला तो पाहताना नेहमी वाटतं.

आता स्त्रीचा प्रश्न. स्वातंत्र्य स्त्रीरूपातच का? याचं मूळ बरंचसं व्याकरणात आहे. लॅटिनमधला लिबर्तास हा शब्द स्त्रीलिंगी, रोमनांनी तिला देवी केलं, देऊळ बांधलं. फ्रेंचमध्येही तो शब्द स्त्रीलिंगीच राहिला आणि फ्रेंच क्रांतीने तिला टोपी घालून चौकात उभं केलं. तिथून हे रूप जगभर गेलं. आपल्या भाषेत स्वातंत्र्य ‘ते’ आहे, स्वतंत्रता म्हटलं की ‘ती’ होते. तेव्हा स्त्रीरूप घेतलंच पाहिजे असं काही नाही. घेतलं तर का घेतलं हे माहीत असावं, एवढंच.

त्या टोपीची गोष्ट फार बोलकी आहे. रोममध्ये मालकाने गुलामाला मुक्त केलं की तो एक साधी लोकरी टोपी घालायचा. म्हणून ती टोपी मुक्ततेची खूण झाली. सीझरच्या खुनानंतर ब्रूटसने पाडलेल्या नाण्यावर दोन खंजिरांमध्ये हीच टोपी आहे. अमेरिकेच्या संसदभवनाच्या घुमटासाठी टॉमस क्रॉफर्ड यांनी स्वातंत्र्याची जी आकृती केली, तिच्या डोक्यावर त्यांना ही टोपी हवी होती. त्या वेळचे युद्धमंत्री जेफरसन डेव्हिस गुलामांचे मालक होते, पुढे ते दक्षिणेकडच्या फुटीर राज्यांचे अध्यक्ष झाले. मुक्त झालेल्या गुलामाची टोपी त्यांना चालेना. तिच्या जागी गरुडाचं डोकं आणि पिसं असलेलं शिरस्त्राण आलं. आजही घुमटावर तेच आहे.

पण मला त्या पुतळ्यातलं सगळ्यात महत्त्वाचं काही वाटत असेल तर ते शिरस्त्राण नाही, त्याचं ओतकाम आहे. क्रॉफर्ड रोममध्ये काम करत, तिथून प्लॅस्टरचा नमुना पाच भागांत आला. तो वॉशिंग्टनमध्ये जोडून ठेवला होता. ओतायची वेळ आली तेव्हा सांधे प्लॅस्टरने इतके लिंपलेले की कुठून सुटा करायचा ते कळेना. तो जोडणारा कारागीर जास्त पैसे मिळाल्याशिवाय सांगायला तयार नव्हता. ओतशाळेत फिलिप रीड नावाचे गुलाम काम करत. त्यांनी डोक्यावरच्या लोखंडी कडीत कप्पीचा दोर अडकवला आणि नमुना अगदी हळूहळू वर ताणला. ताण बसताच पहिला सांधा केसासारखी रेघ होऊन दिसला. मग पुढचा, मग त्याच्या पुढचा. ज्यांनी हे काम केलंय त्यांना कळेल, त्या ताणात हात किती स्थिर लागतो. जरा जास्त ओढलं असतं तर प्लॅस्टर चिरलं असतं आणि मूळ शिल्पकार तोवर वारलेला होता. स्वातंत्र्याचा तो पुतळा ओतणारा माणूस स्वतः गुलाम होता. राजधानीतल्या गुलामांना १८६२ च्या एप्रिलमध्ये कायद्याने मुक्ती मिळाली. २ डिसेंबर १८६३ ला शेवटचा भाग घुमटावर चढला तेव्हा रीड स्वतंत्र होते. हे नाव मी माझ्याकडे शिकायला येणाऱ्या प्रत्येकाला सांगतो. तुमच्या चौथऱ्यावर देणगीदारांची नावं असतील तर ओतकाम आणि जोडकाम करणाऱ्यांचीही असू द्या.

स्त्रीरूपातला एक ताणही लक्षात ठेवावा लागतो. १८८६ च्या २८ ऑक्टोबरला न्यूयॉर्कच्या पुतळ्याचं अनावरण झालं तेव्हा मताचा हक्क मागणाऱ्या स्त्रियांनी बोटीतून येऊन निषेध केला होता. स्वातंत्र्य स्त्रीच्या रूपात उभं करता आणि या देशात स्त्रीला मत देता येत नाही, हा त्यांचा सवाल होता. देवी करणं सोपं, बाई करणं अवघड. ढाका विद्यापीठातलं ‘अपराजेय बांगला’ हे सय्यद अब्दुल्ला खालिद यांचं शिल्प मला म्हणूनच जवळचं वाटतं. १६ डिसेंबर १९७९ ला त्याचं उद्घाटन झालं. तिघंजण आहेत, दोन तरुण आणि एक स्त्री. तरुणांकडे बंदुका, तिच्या खांद्याला औषधोपचाराची पेटी. ती कशाचं रूपक नाही, १९७१ च्या लढ्यात असलेली कुणीही मुलगी आहे. आणि तिघंही नेहमीसारखे पाय टेकून उभे आहेत. पाटण्याचं देवीप्रसाद राय चौधरी यांचं हुतात्मा स्मारकही त्याच जातीचं. ११ ऑगस्ट १९४२ ला सचिवालयावर तिरंगा लावायला निघालेल्या सात विद्यार्थ्यांना गोळ्या घातल्या गेल्या, ते सातही जण ब्राँझमध्ये आहेत. साधारण माणसाच्याच मापाचे. पुढचा झेंडा घेऊन निघाला आहे, मागचे कोसळताहेत. सात जोड्या पायांपैकी काही जमिनीवर टेकलेले, काहींखालून जमीन सुटलेली. संपूर्ण घटना तुम्ही नुसते पाय पाहूनही सांगू शकता.

उंचीबद्दल थोडक्यातच सांगतो. समोर मोकळी जागा किती आहे ती मोजा. चौथऱ्यासकट एकूण उंचीच्या दुप्पट अंतरावर उभं राहिलं की पुतळा एका नजरेत येतो. समोर तीस मीटरच मोकळे असतील तर एकूण पंधरा मीटरच्या वर जाऊ नका, नाहीतर लोकांना हनुवटीची खालची बाजू दिसेल. खालून पाहताना डोकं आणि खांदे लहान वाटतात, म्हणून ते मुद्दाम किंचित मोठे करावे लागतात. हे कागदावर ठरत नाही. मातीचा नमुना खऱ्या उंचीवर ठेवून खाली उभं राहून पाहावं लागतं. राहिली गोष्ट विक्रमाची. डाकारमधलं आफ्रिकी पुनरुत्थानाचं स्मारक ४९ मीटर आहे, सेनेगलच्या स्वातंत्र्याला पन्नास वर्षं झाली तेव्हा, २०१० मध्ये झालं. ते उत्तर कोरियाच्या कंपनीने उभारलं. खर्चावर आणि त्यातल्या स्त्रीच्या पेहरावावर तिथल्याच लोकांनी कडक टीका केली. आपल्या स्वातंत्र्याच्या आकृतीला आपल्या हातांचा स्पर्श नसला तर लोकांना ते जाणवतंच.

आता चौथरा. पुतळा लोकांचा का होतो, या तुमच्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर माझ्या मते इथे आहे.

रीगामधलं लाटव्हियाचं स्वातंत्र्यस्मारक १९३५ मध्ये लोकवर्गणीतून झालं. शिल्पकार होते कार्लिस झाले (‘झाले’ हे त्यांचं आडनाव). एकूण ४२ मीटर उंच आणि टोकावर तांब्याची नऊ मीटरची स्त्री, हातांत तीन सोनेरी तारे. तारे सुंदर आहेत. पण माणसाच्या जवळ काय आहे? साखळ्या तोडणाऱ्या माणसांचे आणि इतर दगडी गट, आणि पायथ्याशी एक ओळ: पितृभूमीसाठी आणि स्वातंत्र्यासाठी. त्या ओळीखाली फुलं ठेवायला जागा आहे. सोव्हिएत काळात स्मारक पाडलं गेलं नाही, पण तिथे फूल ठेवणं हा गुन्ह्यासारखा प्रकार झाला. जवळच १९५० मध्ये लेनिनचा पुतळा उभा केला गेला. तो पूर्वेकडे तोंड करून, ही पश्चिमेकडे. १४ जून १९८७ ला, १९४१ मध्ये सोव्हिएत सत्तेने लाटव्हियातल्या लोकांना हद्दपार केलं त्याच्या स्मृतिदिनी, ‘हेलसिंकी-८६’ या मानवी हक्कांसाठी झटणाऱ्या गटाने लोकांना घेऊन तिथे उघडपणे फुलं वाहिली. चार वर्षांत देश स्वतंत्र झाला, लेनिनचा पुतळा गेला. ४२ मीटर वरच्या ताऱ्यांनी एवढी वर्षं लोकांना धरून ठेवलं असेल, मी नाही म्हणत नाही. पण माणसाला काहीतरी करायचं असतं आणि ते कमरेच्या उंचीवरच करता येतं. तुमच्या आराखड्यात फूल ठेवायला जागा आहे का? पायरीवर बसता येईल का? लहान मुलाचा हात कशाला लागेल? चौथऱ्याभोवती लोखंडी कुंपण घालायचा विचार असेल तर कृपा करून सोडून द्या.

चौथरा पुतळ्याचं नाव बदलूही शकतो. बुडापेस्टच्या गेलर्ट टेकडीवर झिगमोंड किशफालुदी श्त्रोब्ल यांची ताडाचं पान वर धरलेली चौदा मीटरची स्त्री १९४७ मध्ये उभी राहिली, सोव्हिएत सैन्याने केलेल्या मुक्ततेच्या गौरवासाठी. १९८९ नंतर तिथला सोव्हिएत सैनिकाचा पुतळा हलवला गेला आणि मजकूर बदलला. आता ती हंगेरीच्या स्वातंत्र्यासाठी आणि समृद्धीसाठी प्राण दिलेल्या सर्वांच्या स्मरणार्थ आहे. बाई तीच, पान तेच. कीवमध्ये १९८१ च्या प्रचंड पोलादी मातृमूर्तीच्या ढालीवरचं सोव्हिएत चिन्ह २०२३ च्या ऑगस्टमध्ये उतरवून युक्रेनचा त्रिशूळ बसवला. आणि दिल्लीत इंडिया गेटजवळच्या छत्रीखालून पाचव्या जॉर्जचा पुतळा १९६८ मध्ये काढला, त्यानंतर पन्नासहून जास्त वर्षं ती छत्री रिकामी होती, २०२२ मध्ये तिथे नेताजींचा ग्रॅनाइटचा पुतळा आला. मधली ती रिकामी बैठक कित्येक पुतळ्यांपेक्षा स्पष्ट बोलत होती. तेव्हा चौथऱ्यावर कोरायच्या शब्दांना पुतळ्याइतकाच वेळ द्या. सत्कारसमारंभाचा मजकूर कोरू नका.

मेक्सिको शहरातला स्वातंत्र्याचा स्तंभ चौथऱ्याच्या बाबतीत विलक्षण आहे. १६ सप्टेंबर १९१० ला, स्वातंत्र्यलढ्याच्या शताब्दीला तो खुला झाला. टोकावर एन्रिके अल्सियाती यांची सोनेरी पंखांची विजयदेवता, एका हातात विजयाचं पर्णचक्र, दुसऱ्या हातात तुटलेली साखळी. २८ जुलै १९५७ च्या भूकंपात ती खाली कोसळून फुटली. जोडून पुढच्या वर्षी परत चढवली. पण मला थक्क करतात त्या पायऱ्या. ते शहर जुन्या तळ्याच्या गाळावर आहे आणि सतत खचतं. स्तंभाचा पाया खोलवर घेतलेला, तो जागेवर राहिला, भोवतालचा रस्ता खाली गेला. मूळच्या नऊ पायऱ्यांना चौदा नव्या जोडाव्या लागल्या. पाया नीट घातला की काय होतं ते तिथे मोजून पाहता येतं.

आता टिकण्याबद्दल, कारण इथे बरीच कामं फसतात. न्यूयॉर्कच्या पुतळ्यात तांब्याचा पत्रा आणि लोखंडी पट्ट्या यांच्यामध्ये लाखेत भिजवलेलं ॲस्बेस्टॉस घातलं होतं. तांबं आणि लोखंड ओलाव्यात एकमेकांना टेकले की लोखंड झपाट्याने गंजतं. समुद्राची खारी हवा, वर्षं शंभर. मधला थर झिजला, पट्ट्या गंजून फुगल्या आणि रिव्हेट पत्र्यातून उपटले गेले. १९८४ ते १९८६ च्या दुरुस्तीत सुमारे १८०० पट्ट्या बदलून स्टेनलेस स्टीलच्या घातल्या, मध्ये टेफ्लॉनची पट्टी दिली. मशाल तर पूर्ण नवी करावी लागली. १९१६ मध्ये ज्योतीचा पत्रा कापून आत दिवा आणि खिडक्यांना काचा बसवल्या होत्या, त्या काचांमधून पाणी शिरत राहिलं. उजेड आतून पाडायच्या हौसेने मशाल कुजली. नव्या ज्योतीवर सोन्याचा मुलामा आहे आणि प्रकाश बाहेरून पडतो. तुमच्या पुतळ्यात मशाल असेल तर तिच्यात दिवा घालू नका, हे मी हात जोडून सांगतो.

माझ्याच हातची चूकही सांगतो. सुरुवातीच्या एका ब्राँझ पुतळ्यात मी तळाला पाणी निघायला भोकं ठेवली नव्हती. ब्राँझ पोकळ असतं, सांध्यातून थेंब थेंब पाणी जातं, दिवसरात्रीच्या गारव्याने आत दव धरतं. ज्यांनी बसवण्याचं काम घेतलं होतं त्यांनी आतला सांगाडा साध्या लोखंडाचा घातला, मीही पाहिलं नाही. नवव्या वर्षी टाचेजवळून तांबडं पाणी झिरपू लागलं. उघडलं तर डाव्या पायात घोट्यापर्यंत गंजाचा चिखल होता. स्टेनलेसचा सांगाडा, तळव्याला बोटभर जाड दोन भोकं, ती दर पावसाळ्याआधी तारेने साफ करणं आणि वर्षातून एकदा मेणाचा हात, एवढ्यावर ब्राँझ पिढ्यानपिढ्या टिकतं.

मात्र टिकाऊपणाला फार डोक्यावर घेऊ नका. १९८९ मध्ये बीजिंगच्या तिआनानमेन चौकात कलाविद्यार्थ्यांनी चार दिवसांत सुमारे दहा मीटरची लोकशाहीची देवता केली. धातूच्या सांगाड्यावर फोम आणि प्लॅस्टर. वेळ नव्हता म्हणून दोन्ही हातांनी काठी धरलेल्या पुरुषाचा एक तयार मातीचा नमुना घेऊन त्यातून स्त्री काढली. म्हणूनच तिने मशाल दोन्ही हातांनी धरली आहे. तुकडे तीनचाकी सायकलगाड्यांवरून चौकात नेले. ३० मेला ती उभी राहिली, ४ जूनला रणगाडे आले आणि ती पाडली गेली. पाच दिवस. त्यानंतर किती देशांत तिच्या प्रतिकृती झाल्या! मशाल एका हाताने सहज उंचावलेली आणि दोन हातांनी घट्ट धरलेली, यातला फरक शरीराला लगेच कळतो. दुसरीत वजन आहे. घाईत झालेली ती तडजोड मला कित्येक ठरवून केलेल्या मुद्रांपेक्षा खरी वाटते.

तेव्हा तुमच्या प्रश्नाला माझं सरळ उत्तर: तुमच्याकडच्या लढ्यात लोकांनी प्रत्यक्ष काय हातात घेतलं होतं ते शोधा आणि तेच द्या. मशाल कुणी धरली नसेल तर मशाल नको. पुरुष की स्त्री हे त्यावरून आपोआप ठरेल. उंची अशी ठेवा की घोटा दिसेल. आणि पूर्ण आकृतीचा छोटा नमुना मागवण्याआधी शिल्पकाराला फक्त दोन पाय खऱ्या मापात, मातीत करायला सांगा. गुडघ्यापर्यंत पुरे. ते ठरलेल्या चौथऱ्याच्या उंचीच्या लाकडी ओट्यावर, ठरलेल्या जागी एक दिवस ठेवा. येणाऱ्या-जाणाऱ्याला काही सांगू नका. हा माणूस काय करतोय, एवढंच विचारा. चालतोय, पळतोय, उभा राहतोय, थांबलाय, जे सांगतील ते लिहून घ्या. माती दुपारी सुकते, ओलं फडकं टाकत राहा.